खेळ बदलला, कमाईचं काय?

30 ऑक्टोबर 2020 रोजी पबजी मोबाइलचे सर्व्हर भारतातल्या खेळाडूंसाठी बंद झाले. सरकारी आदेश त्याआधीच, 2 सप्टेंबरला निघाला होता. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या 69अ कलमाखाली त्या दिवशी 118 ॲप अडवली गेली. पबजी मोबाइल आणि त्याची हलकी आवृत्ती पबजी मोबाइल लाइट ही दोन्ही त्या यादीत होती. ज्यांच्या फोनमध्ये खेळ आधीपासून होता ते पुढचे काही आठवडे खेळत राहिले, मग तेही थांबलं. वाराणसीत लंका चौकाच्या आसपास, बनारस हिंदू विद्यापीठाच्या वसतिगृहांत किंवा ब्रह्माघाट, दुर्गाघाट या जुन्या मराठी वस्तीच्या गल्ल्यांत राहणाऱ्या खेळाडूला पडलेला प्रश्न नागपूरच्या किंवा सांगलीच्या खेळाडूपेक्षा वेगळा नव्हता. दोन-अडीच वर्षं खेळून चढवलेली लेव्हल, खिशातले पैसे घालून घेतलेले पोशाख, बंदुकांच्या स्किन, यांचं आता काय? पोरांच्या भाषेत सांगायचं तर, 'आयडी' परत मिळणार का?

उत्तर मिळायला साडेसात महिने लागले. ते असं होतं: मिळेल, पण सगळ्यांना नाही.

खेळाच्या एका आवृत्तीतली कमाई दुसऱ्या आवृत्तीत कशी न्यायची, हा प्रश्न व्हिडिओ गेमच्या धंद्याइतका नसला तरी जवळजवळ तितकाच जुना आहे. वरवर पाहता तो तंत्रज्ञांचा प्रश्न वाटतो: फाइल वाचता येते की नाही. गेल्या चाळीस वर्षांचा हिशेब मांडला तर दिसतं की हा अडथळा एकेक करत पार होत गेला. त्याच काळात दुसरा अडथळा मोठा होत गेला: ती कमाई आहे कुणाच्या ताब्यात, आणि ती हलवायला परवानगी कुणाची लागते? पूर्वी फाइल खेळाडूच्या हातात असायची आणि नवा खेळ ती वाचू शकत नसे. आता नवा खेळ वाचू शकतो, पण फाइल खेळाडूच्या हातात नसते.

सेव्ह म्हणजे नेमकं काय

खेळ चालू असतो तेव्हा संगणकाच्या किंवा फोनच्या स्मृतीत हजारो आकडे आणि खुणा असतात. नायक कुठे उभा आहे, त्याच्याकडे किती पैसे आहेत, कोणता दरवाजा उघडला, कोणत्या पात्राशी काय बोलणं झालं. सेव्ह करणं म्हणजे यातलं जेवढं आवश्यक तेवढं एका ठरावीक क्रमाने फाइलमध्ये लिहून ठेवणं. फाइलमध्ये बहुतेक वेळा नुसते आकडे असतात. कोणत्या आकड्याचा अर्थ काय, हे फक्त खेळाला ठाऊक असतं. उद्या नव्या आवृत्तीत निर्मात्यांनी मधेच एक नवी गोष्ट घातली, समजा घोड्याचं वय, तर क्रम सरकतो. जुनी फाइल वाचताना खेळ पैशांच्या जागी वय वाचतो आणि वयाच्या जागी भलतंच काही. बरं असेल तर खेळ फाइल नाकारतो. वाईट असेल तर उघडतो आणि तासाभराने बंद पडतो.

यावरचा उपाय जाणत्या निर्मात्यांना पहिल्यापासून माहीत आहे. फाइलच्या सुरुवातीला आवृत्तीचा क्रमांक लिहायचा. प्रत्येक बदलाबरोबर जुन्याचं नवं करून देणारा एक छोटा टप्पा लिहायचा. पाचव्या आवृत्तीची फाइल नवव्यात आली की ती सहा, सात, आठ अशा पायऱ्यांनी नवव्यापर्यंत चढवायची. फाइल मधेच बिघडलेली नाही हे तपासायला शेवटी एक पडताळणीचा आकडा ठेवायचा. हे काम कंटाळवाणं आहे आणि जाहिरातीत दाखवण्यासारखं त्यात काही नसतं, म्हणून ते टाळलं जातं.

हे काम निष्ठेने केल्याचं सर्वांत चांगलं उदाहरण माइनक्राफ्टचं. 2012 च्या मार्चमध्ये 1.2 आवृत्तीबरोबर या खेळाने जग साठवण्याची पद्धतच बदलली आणि जुनी जगं नव्या साच्यात आपोआप घातली. 2018 मध्ये, 1.13 आवृत्तीत, विटा-दगडांचे जुने आकडी क्रमांक काढून त्यांना नावं दिली. त्या वेळी जुन्या फाइली पायरीपायरीने नव्या करणारं जे साधन कंपनीने वापरलं, ते तिने सगळ्यांना पाहता येईल असं खुलंही केलं. 30 नोव्हेंबर 2021 च्या 1.18 आवृत्तीत जगाची उंची 256 ठोकळ्यांवरून 384 झाली, जमीन खाली खोल गेली, डोंगर वर चढले. तरी वर्षानुवर्षं बांधलेली जुनी घरं जागच्या जागी राहिली आणि त्यांच्या कडेला नवा भूभाग सांधून दिला गेला. उलट दिशेचा प्रवास मात्र इथेही नाही. नव्या आवृत्तीतलं जग जुनीत उघडू गेलं तर खेळ आधीच बजावतो. जुन्या आवृत्तीला नव्या गोष्टींची नावंच माहीत नसतात, त्यामुळे हे जवळजवळ सगळ्याच खेळांना लागू आहे: वर चढता येतं, खाली उतरता येत नाही.

निष्काळजीपणा काय करतो, याचं उदाहरण 2020 च्या डिसेंबरमध्ये मिळालं. सायबरपंक 2077 च्या पीसी आवृत्तीत सेव्ह फाइल 8 एमबीच्या पुढे गेली की ती बिघडत असे. मन लावून खेळणाऱ्याच्या, म्हणजे ज्याच्या पिशवीत जास्त वस्तू जमल्या त्याच्याच, फाइलवर हे संकट येई. महिनाअखेरच्या 1.06 या दुरुस्तीत ती मर्यादा काढली गेली, पण बिघडून गेलेल्या फाइली परत आल्या नाहीत.

आपल्याकडे याला आणखी एक पदर आहे: वीज. फाइल लिहिली जात असतानाच लाइट गेली तर अर्धी नवी, अर्धी जुनी अशी निरुपयोगी फाइल उरते. म्हणून शहाणा खेळ आधी दुसऱ्या नावाने पूर्ण फाइल लिहितो, ती नीट उतरली की मगच नाव बदलून जुनीच्या जागी ठेवतो. पूर्व उत्तर प्रदेशात किंवा मराठवाड्यात डेस्कटॉपवर खेळलेल्या पिढीला हा फरक पुस्तकातून शिकावा लागला नाही.

कॅसेट, बॅटरी आणि कार्ड

1981 मध्ये अमेरिकेत ॲपल संगणकासाठी विझर्ड्री हा खेळ आला. 1982 मधला त्याचा दुसरा भाग खेळायला पहिल्या भागात घडवलेली पात्रं न्यावी लागत. कमाई पुढच्या खेळात नेणं ही तिथे सोय नव्हती, ती प्रवेशाची अटच होती. पात्रं फ्लॉपीवर होती, फ्लॉपी खेळाडूच्या घरात होती आणि दोन्ही भाग त्याच लेखकांनी लिहिलेले होते. तीनही गोष्टी जुळल्या की ने-आण किती सोपी होते, ते इथे पहिल्यांदा दिसलं.

आपल्याकडे नव्वदच्या दशकात टीव्हीला जोडायचे खेळ आले, ते बहुतेक जपानी यंत्रांच्या नकला होते. त्यांच्या कार्ट्रिजला आपण 'कॅसेट' म्हणत असू. 1987 मध्ये अमेरिकेत आलेल्या लेजंड ऑफ झेल्डाच्या कार्ट्रिजमध्ये सेव्ह टिकवायला आत एक छोटी बॅटरी होती. बाजारातल्या स्वस्त, शेकडो-खेळ-एकात कॅसेटींमध्ये तो खर्च कुणी केलेला नसे. त्यामुळे मारिओ रोज पहिल्या जगापासून. काही खेळ पासवर्ड देत, तो वहीच्या मागच्या पानावर उतरवून ठेवायचा. त्या अक्षरांतच पातळी, शस्त्रं आणि जीव गुंफलेले असत. फाइलच नसल्यामुळे हा पासवर्ड त्याच खेळाच्या कुठल्याही प्रतीत चाले, हा त्याचा मोठा गुण.

पुढे सोनीच्या पहिल्या प्लेस्टेशनने 128 केबीचं मेमरी कार्ड आणलं. सेव्हसाठी त्यात पंधरा कप्पे होते. कार्ड खिशात घालून मित्राकडे जाता येई. सेव्ह ही खेळापासून वेगळी, हातात धरता येणारी वस्तू झाली.

पोकेमॉनची साखळी या सगळ्या इतिहासात सर्वांत लांब आहे. 2002 साली जपानमध्ये आलेल्या रूबी आणि सफायर या खेळांची अंतर्गत मांडणी आधीच्या खेळांपेक्षा इतकी वेगळी होती की आधी पकडलेले प्राणी त्यांत नेताच आले नाहीत. मात्र रूबीपासून पुढची वाट राखली गेली. 2006 च्या डायमंड आणि पर्लमध्ये, निन्टेंडो डीएसच्या दुसऱ्या खाचेत जुनी कार्ट्रिज घातली की प्राणी नव्या खेळात येत, पण परत जात नसत. तिथून पुढच्या पिढीच्या खेळात, मग 3डीएसवरच्या पोकेमॉन बँकेत आणि फेब्रुवारी 2020 पासून पोकेमॉन होममध्ये. अशा रीतीने वीस वर्षांपूर्वी पकडलेला प्राणी आजच्या यंत्रावर आणता येतो. मात्र मार्च 2023 मध्ये 3डीएसचं ऑनलाइन दुकान बंद झालं, आणि ज्याने बँकेचं ॲप आधी उतरवून घेतलेलं नाही त्याच्यासाठी मधली कडीच निखळली. फाइल शाबूत, ती वाचणारा खेळ शाबूत, आणि तरी वाट बंद.

कथाप्रधान खेळांत कमाई म्हणजे वस्तू नव्हेत, निर्णय. 2007 च्या मास इफेक्टमध्ये खेळाडूने कुणाला वाचवलं आणि कुणाला मरू दिलं, ते 2010 आणि 2012 च्या पुढच्या भागांत सेव्ह फाइलमधून वाचलं जाई. 2011 मध्ये दुसरा भाग प्लेस्टेशन 3 वर आला तेव्हा त्या यंत्रावर पहिला भागच नव्हता, म्हणजे वाचायला फाइल नाही. निर्मात्यांनी एक चित्रकथा तयार केली आणि तीत खेळाडूला मोजके महत्त्वाचे निर्णय थेट विचारून घेतले. 2015 च्या विचर 3 मध्येही ज्याच्याकडे जुनी सेव्ह नाही त्याला संवादातून प्रश्न विचारण्याची सोय होती. फाइल नेता येत नसेल तर माणसालाच विचारा, ही युक्ती साधी आहे आणि अजूनही पुरेशी वापरली जात नाही.

पेन ड्राइव्हचा काळ

भारतात या विषयाचा सुवर्णकाळ सायबर कॅफेत गेला. विद्यापीठांच्या आसपासच्या कॅफेत, मग ते लंकेवरचे असोत वा पुण्यात सदाशिव पेठेतले, ग्रँड थेफ्ट ऑटोचे व्हाइस सिटी आणि सॅन अँड्रियास हे दोन भाग हटकून असत. सॅन अँड्रियासच्या सेव्ह विंडोजच्या डॉक्युमेंट्स फोल्डरात, आठ जागांत ठेवल्या जात. तासाचे पैसे संपले की फोल्डर पेन ड्राइव्हवर घ्यायचा आणि उद्या मिळेल त्या संगणकावर टाकायचा. काही कॅफेंत संगणक दर वेळी चालू करताना मूळ स्थितीत परत जाई, तिथे पेन ड्राइव्ह विसरणं म्हणजे पुन्हा पहिल्या मिशनपासून. शंभर टक्के पूर्ण झालेल्या सेव्ह फाइली हातोहात फिरत.

अडचण आवृत्त्यांची होती. एका कॅफेत 2005 ची मूळ प्रत, दुसरीकडे त्याच वर्षी एका वादानंतर बदलून काढलेली, तिसरीकडे कुणी गाड्या बदललेली. त्यामुळे पेन ड्राइव्हवरची सेव्ह कधी उघडे, कधी नाही. पण सर्वांत बोलका प्रसंग पुढचा आहे. नोव्हेंबर 2014 मध्ये स्टीम या ऑनलाइन दुकानातल्या सॅन अँड्रियासला एक अपडेट आलं. खेळातल्या रेडिओवरच्या काही गाण्यांचे परवाने संपले होते, म्हणून ती काढली गेली. त्याबरोबर जुन्या सेव्ह नव्या आवृत्तीत चालेनाशा झाल्या. खेळाडूची फाइल बिघडली नव्हती. संगीत कंपन्यांशी असलेला करार संपला आणि त्याची किंमत ज्याच्याशी करारच नव्हता त्याने मोजली. मूळ डीव्हीडी जपून ठेवलेल्यांचं काही अडलं नाही.

यंत्रं बदलतात तेव्हा

कन्सोल कंपन्यांनी हा प्रश्न दोन प्रकारे सोडवला. मायक्रोसॉफ्टने सेव्ह खात्याला बांधली: जुन्या एक्सबॉक्सवरची नव्या एक्सबॉक्सवर बहुधा आपोआप दिसते. सोनीकडे प्लेस्टेशन 4 आणि 5 च्या आवृत्त्या वेगळ्या धरल्या जात, त्यामुळे प्रत्येक निर्मात्याला वाट स्वतंत्रपणे बांधावी लागे. जून 2021 मध्ये आलेल्या फायनल फँटसी 7 रीमेक इंटरग्रेडमध्ये आधी जुन्या आवृत्तीत जाऊन सेव्ह वर चढवायची आणि मग नवीतून उतरवून घ्यायची असा प्रकार होता. जुना खेळ आधीच काढून टाकलेल्याने तो पुन्हा उतरवून घ्यायचा, नुसतं एक बटण दाबण्यासाठी. पीसीवर स्टीमने 2008 पासून क्लाउडची सोय दिली. विचर 3 च्या निन्टेंडो स्विच आवृत्तीला फेब्रुवारी 2020 मध्ये पीसीवरची सेव्ह वाचता येऊ लागली. प्रतिस्पर्धी दुकानांमधली भिंत ओलांडता येते, हे त्यातून सिद्ध झालं.

भिंत ओलांडण्याचा मोठा प्रयोग हिटमॅनचा. 2018 च्या हिटमॅन 2 मध्ये मुंबईच्या चाळी-बाजारांत घडणारा एक लांबलचक भाग होता, त्यामुळे आपल्याकडे त्याची बरीच चर्चा झाली. जानेवारी 2021 मध्ये हिटमॅन 3 आला तेव्हा पीसीवर तो वेगळ्या दुकानात, एपिकमध्ये होता. आधीचा भाग बहुतेकांकडे स्टीमवर होता. आयओ इंटरॅक्टिव्ह या डॅनिश कंपनीने स्वतःचं खातं मधे ठेवून संकेतस्थळावरून प्रगती हलवण्याची सोय केली. ती एकदाच वापरता येई आणि एकाच दिशेने. पहिल्या दिवसांत गर्दीने तिचे सर्व्हर कोलमडले. मिळवलेली शस्त्रं आणि कौशल्याच्या पातळ्या नव्या खेळात गेल्या, मोहिमेच्या मध्यात ठेवलेली सेव्ह मात्र गेली नाही. 'प्रगती' आणि 'सेव्ह' या दोन वेगळ्या चिजा आहेत, आणि कंपन्या वचन देतात ते पहिलीचं.

फोनमधलं कुलूप

भारतात खेळ म्हणजे आता प्रामुख्याने फोन. 2022 च्या ऑक्टोबरमध्ये एअरटेलने 5जी ज्या आठ शहरांत सुरू केलं त्यांत महानगरांच्या जोडीला नागपूर आणि वाराणसी ही दोन नावं होती; जिओच्या पहिल्या चार शहरांतही वाराणसी होतं. पीसी किंवा कन्सोल कधीच न घेतलेल्या घरांत खेळ पोहोचला तो फोनवरूनच.

फोनमधली सेव्ह खेळाडूला दिसत नाही. प्रत्येक ॲपची खासगी जागा दुसऱ्या ॲपला उघडता येत नाही. पूर्वी अँड्रॉइडच्या सामायिक फोल्डरांत काही खेळांच्या फाइली सापडत आणि फाइल मॅनेजरने उचलता येत. 2020 च्या अँड्रॉइड 11 पासून सुरक्षेसाठी ती दारंही बंद झाली. संगणकाला केबलने जोडून कधी वाट मिळते, कधी नाही. ॲप काढून टाकलं की बहुधा सेव्हही जाते. सुरक्षा खरोखर वाढली, कारण कोणतंही भुरटं ॲप आता दुसऱ्याची माहिती चाळू शकत नाही. पण त्याच कुलपाने मालकही बाहेर राहिला.

आवृत्तीचा जुना घोळ फोनवरही आहेच. शेतीचा लोकप्रिय खेळ स्टारड्यू व्हॅली पीसीवर मार्च 2024 मध्ये 1.6 आवृत्तीला पोहोचला, फोन आणि कन्सोलवर ती नोव्हेंबरमध्ये आली. मधल्या काळात पीसीवर नव्या आवृत्तीत पुढे नेलेलं शेत फोनवर उघडण्याचा मार्ग नव्हता. फाइल एका माणसाने लिहिलेल्या एकाच खेळाची, दोन्ही यंत्रं आपलीच, फक्त एक मागे राहिलेलं.

पबजी ते बीजीएमआय

आता पुन्हा त्या साडेसात महिन्यांकडे. पबजीचे हक्क पुढे क्राफ्टन या नावाखाली आलेल्या दक्षिण कोरियातल्या कंपनीकडे होते. भारतात मोबाइल आवृत्ती चिनी कंपनी टेन्सेंट चालवत होती. बंदीनंतर आठवड्याभरात कोरियन कंपनीने भारतातली टेन्सेंटची परवानगी काढून घेतली. 6 मे 2021 रोजी क्राफ्टनने बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, म्हणजेच बीजीएमआय, जाहीर केला. 17 जूनला तो काही जणांना चाचणीसाठी मिळाला आणि 2 जुलैला अँड्रॉइडवर सर्वांसाठी आला. आयफोनवाल्यांना 18 ऑगस्टपर्यंत थांबावं लागलं. रक्त हिरवं झालं, अठरा वर्षांखालच्यांना दिवसाला तीन तासांची मर्यादा आली, पालकांचा फोन क्रमांक मागितला जाऊ लागला. मैदान, बंदुका, हालचाल तीच.

तंत्राच्या बाजूने पाहिलं तर ही दोन भावंडं. फाइलचा साचा हा प्रश्नच नव्हता. तरी कमाई आपोआप आली नाही, कारण ती भारतीय खेळाडूच्या फोनमध्ये नव्हतीच. ती प्रॉक्सिमा बीटा या सिंगापुरातल्या कंपनीच्या नोंदीत होती. म्हणून नव्या खेळात शिरताना संमती विचारली जाई: तुमच्या खात्याची माहिती प्रॉक्सिमा बीटाकडून क्राफ्टनकडे द्यायची का? होकार दिला, जुन्या खात्याने लॉगिन केलं की पोशाख, स्किन आणि बाकीची कमाई नव्या खात्यात दिसे. एकदाच आणि एकाच दिशेने. त्यासाठी मुदतही घातलेली होती.

आता 'सगळ्यांना नाही' याचा अर्थ. सोय होती ती फेसबुक किंवा ट्विटरसारख्या समाजमाध्यमाच्या खात्याला जोडलेल्या आयडींसाठी. जो 'गेस्ट' म्हणून खेळला, म्हणजे ज्याने कुठलंच खातं जोडलं नाही, त्याची ओळख सिद्ध करायला काहीच नव्हतं. यात सर्वांत जास्त मार बसला तो उसन्या फोनवर, मोठ्या भावाच्या किंवा काकाच्या फोनवर खेळणाऱ्यांना. फोन बदलला, सिम बदललं, फेसबुकचा पासवर्ड विसरला, आणि तासन् तास खेळून मिळवलेलं सगळं कुणाच्या तरी सर्व्हरवर बेवारस पडून राहिलं. त्यावर भामट्यांचा धंदा उभा राहिला: आयडी परत मिळवून देतो, ओटीपी सांगा. असा फोन आला तर ओटीपी द्यायचा नाही, आणि पैसे गेलेच तर 1930 या राष्ट्रीय सायबर हेल्पलाइनला लगेच कळवायचं.

काशी, प्रयाग, गया अशी त्रिस्थळी यात्रा केलेल्या मराठी घरांना तीर्थोपाध्यायाची वही ठाऊक असते. आडनाव आणि गाव सांगितलं की तो पणजोबांच्या सहीचं पान काढून दाखवतो. पान जीर्ण झालं की नोंद नव्या वहीत उतरते. खात्यावर आधारलेली सेव्ह हीच व्यवस्था आहे: नोंद यजमानाची, वही उपाध्यायाची. फरक एवढाच की इथे दोन उपाध्यायांत वाटणी झाली आणि यजमानाला ठरलेल्या मुदतीत येऊन सांगावं लागलं, माझं पान कुणाकडे द्यायचं ते.

28 जुलै 2022 रोजी बीजीएमआयसुद्धा सरकारी आदेशाने दुकानांतून हटवला गेला आणि पुढच्या वर्षी 29 मे 2023 रोजी परत आला. या वेळी स्थलांतराची गरज पडली नाही, कारण खाती क्राफ्टनकडेच होती. फ्री फायर या दुसऱ्या खेळाची गोष्ट त्याहून सोपी. 14 फेब्रुवारी 2022 रोजी 54 ॲपच्या यादीत तो अडवला गेला, पण त्याची मोठी आवृत्ती फ्री फायर मॅक्स आधीच, सप्टेंबर 2021 मध्ये आलेली होती आणि दोन्ही खेळ एकाच खात्यावर चालत. खेळाडूंनी दुसरं ॲप उघडलं, सगळं जागेवर होतं. तीन प्रसंगांत तंत्रज्ञान सारखंच; निकाल वेगळा लागला तो खात्याची वही कुणाच्या हातात आहे यावरून.

कायदा कुठे उभा आहे

युरोपच्या डेटा संरक्षण नियमांच्या 20 व्या कलमाने नागरिकाला स्वतःची माहिती यंत्राला वाचता येईल अशा रूपात मागून दुसरीकडे नेण्याचा हक्क दिला आहे. भारतात 2018 च्या श्रीकृष्ण समितीच्या मसुद्यात आणि 2019 च्या विधेयकात असा हक्क होता. ते विधेयक ऑगस्ट 2022 मध्ये मागे घेतलं गेलं आणि ऑगस्ट 2023 मध्ये जो कायदा झाला त्यात माहिती पाहण्याचा, दुरुस्त करण्याचा, पुसून टाकण्याचा हक्क आहे. बरोबर नेण्याचा नाही. 2025 च्या ऑनलाइन गेमिंग कायद्याचा रोख पैशांच्या खेळांवर आहे, ई-स्पोर्ट्सला त्याने मान्यता दिली.

युरोपचा हक्क आपल्याकडे आला असता तरी प्रश्न मिटला नसता. माहिती मागता येते, पण दुसऱ्या कंपनीने ती आपल्या खेळात मान्य करावी अशी सक्ती कुठेच नाही, आणि व्यवहार्यही नाही: एका खेळातली बंदूक दुसऱ्या खेळात कशाला असेल? मात्र त्याच खेळाची नवी आवृत्ती, नवं यंत्र किंवा नवा चालक येतो तेव्हा ही सबब उरत नाही. खेळ बंदच होतो तेव्हा तर अजिबात नाही. 2014 मध्ये आलेला युबीसॉफ्टचा द क्रू हा गाड्यांचा खेळ 31 मार्च 2024 रोजी बंद झाला. एकट्याने खेळायलाही सर्व्हर लागत असल्यामुळे विकत घेतलेल्यांच्या हाती काही उरलं नाही. त्यातून उभ्या राहिलेल्या युरोपातल्या नागरिक मोहिमेने 2025 च्या जुलैत दहा लाख सह्यांचा टप्पा ओलांडला. त्यांची मागणी सर्व्हर कायम चालवा अशी नाही. बंद करताना खेळ चालण्याजोगा सोडा, एवढीच आहे.

खेळाडूने आणि निर्मात्याने

खेळाडूच्या हाती थोडं आहे, पण ते निर्णायक आहे. फोनवर 'गेस्ट' म्हणून एक आठवड्याहून जास्त खेळू नये. आयडी शक्यतो दोन खात्यांना जोडावा, आणि ती खाती स्वतःच्या ईमेलवर व चालू क्रमांकावर असावीत. पीसीवर मोठं अपडेट येण्याआधी सेव्हचा फोल्डर दुसरीकडे उतरवून ठेवावा, आणि क्लाउड चालू असेल तर नवी बिघडलेली फाइल जुन्या चांगल्या फाइलवर चढणार नाही याकडे लक्ष द्यावं. यंत्र विकण्याआधी नव्या यंत्रावर खेळ उघडून पाहावा. आयडी विकत घेऊ नये. मूळ मालक कधीही तो परत मागू शकतो आणि नियम त्याच्या बाजूने असतात.

निर्मात्यांकडे बघायचं तर आता ते फक्त कॅलिफोर्निया आणि सोलमध्ये नाहीत. राजी हा भारतीय पुराणांवर आधारलेला खेळ करणारे नॉडिंग हेड्स गेम्स पुण्याचे. ऑक्टोबर 2024 मध्ये इंडस हा बॅटल रॉयाल खेळ आणणारी सुपरगेमिंगही पुण्याचीच. बीजीएमआयच्या स्थलांतराचा धडा भारतीय स्टुडिओंना परदेशातून आणावा लागणार नाही, तो त्यांच्याच खेळाडूंनी भोगलेला आहे. फाइलवर आवृत्तीचा क्रमांक, गेस्ट खेळाडूलाही लिहून ठेवता येईल असा एक परत-मिळवण्याचा कोड, सेव्ह बाहेर काढून घेण्याचं एक बटण, आणि चालक बदलला किंवा खेळ बंद झाला तर किमान किती महिन्यांची मुदत मिळेल हे अटींच्या पहिल्या पानावर. चारही गोष्टी पहिल्या दिवशी केल्या तर स्वस्त पडतात. सर्व्हर बंद करायच्या आदल्या आठवड्यात त्यांतली एकही करता येत नाही.